घर, पियानो आणि माझी नसलेली टेप

मी, खाली सही करणारा, चित्रपटांना संगीत देऊन पोट भरलेला माणूस, राजीखुशीने हे लिहून ठेवतो. डावा कान गेला असला तरी डोके ठिकाणावर आहे, असे डॉक्टरांचे मत आहे.

१. राहते घर पत्नीला. ते पडलेल्या सिनेमांच्या चाललेल्या गाण्यांवर उभे आहे. "आई, आता आमच्याकडे चल," म्हणत मुलीने ते विकायला काढू नये. गाण्यांची रॉयल्टी मात्र मुलीचीच.

२. पियानो माझे सहायक मास्तर यांना. मी नुसती शीळ घालायचो. ती कागदावर उतरवून वादकांपुढे ठेवायचे ते. पियानो नेताना जिन्याचा कठडा काढावा लागेल.

३. माझ्या पहिल्या सिनेमाच्या निर्मात्यांना शोकसभेत बोलू देऊ नये. आलेच तर चहा द्यावा. कारण पुढे येते.

४. त्या सिनेमातल्या गाण्याची चाल गायिकेला कळावी म्हणून पत्नीने ती आधी टेपवर गाऊन दिली होती. स्टुडिओत मोठ्या गायिकाबाईंनी ती ऐकली आणि हेडफोन काढून ठेवला. म्हणाल्या, "हेच ठेवा की. मी वेगळं काय गाणार?"

निर्माते हसले. "मग पोस्टरवर नाव कुणाचं घालू? यांच्या घरच्या बाईंचं?"

पत्नी तिथेच बसली होती. गाणे मोठ्या बाईंनी गायले, तुफान चालले. पत्नी पुन्हा कोणाच्या चालीला आवाज द्यायला आली नाही. माझ्याही नाही.

आता एका कंपनीला ती टेप बाजारात आणायची आहे. मुलगी मागेच लागली आहे, "बाबा, आईला न्याय मिळेल."

पत्नी म्हणाली, "तेव्हा कुणाला नको होता माझा आवाज. आता म्हातारी झाले म्हणून कौतुक. मला नकोय ते."

म्हणून स्पष्ट करतो : ती टेप माझी मालमत्ता नाही. माझी नसलेली वस्तू मी कोणालाही देऊ शकत नाही. मुलीने आईशी हुज्जत घालू नये.

हे कलम वाचून दाखवल्यावर पत्नीने काल टेप मागून घेतली, मशीनवर लावली आणि शेवटपर्यंत ऐकली.

"दुसऱ्या कडव्याला लय वाढवलीत तुम्ही," म्हणाली. "मला धावावं लागलं."

मग तिने स्वतः ते कडवे सावकाश गाऊन दाखवले. मी उजवा कान तिच्याकडे केला. तिचे बरोबर होते.

लिहून देणार : संगीतकार (सही)
साक्षीदार : आमचे डॉक्टर (सही), खालच्या मजल्यावरच्या शिंपीणबाई (सही)
स्थळ : राहते घर, पुढची खोली
दिनांक : ३ मार्च २०१९