लोखंडी अडसर

तीर्थस्वरूप दादांना, हरलेल्या धाकट्या भावाचा साष्टांग नमस्कार.

तुमचा गुडघा आता जिना चढू देतो का? वहिनींचा खोकला थांबला असेल. इथे सगळे धडधाकट आहेत. फक्त मी किल्ला घालवून बसलो आहे.

सविस्तर सांगतो. त्या जुन्या वेढ्यावर रविवारी तुमच्या वाचनालयात माझं व्याख्यान, विषय ‘किल्लेदाराची अक्कल’. (कॉलेजची पायरी न चढता, कुलपं दुरुस्त करता करता केलेला अभ्यास आहे, हे फलकावर लिहायला सांगितलं होतं, लिहिलं असेलच.) महिनोन्महिने झुंजायचं आणि शेवटी मागचं दार उघडं ठेवायचं, याला काय म्हणावं, हा माझा मुद्दा. तर मुलगी म्हणाली, “बाबा, त्याच वेढ्याचा व्हिडिओ गेम आलाय. तुम्हीच व्हा ना किल्लेदार!” झालो. (पागोट्याचा पीळ चुकला होता, पण तो पोटात घातला.)

पाणी पुरवलं, धान्य पुरवलं, तटावर चढलेला शत्रू पिटाळला. मग मागच्या दाराशी गेलो आणि माथाच भडकला. दाराला लोखंडी अडसर! त्या काळी तिथे सागवानीच हवा. कुलूपवाल्याच्या डोळ्यांदेखत हा अनाचार? ताबडतोब तो उतरवला आणि सुताराला नवा घडवायला बसवलं. मागे ही हात पुसत उभी. “अहो, नवा होईपर्यंत जुना राहू द्या की!” मी म्हटलं, “तुला इतिहासातलं काय कळतं?” “इतिहासातलं नाही, दारातलं कळतं.” तेवढ्यात शत्रू आत! सुतार बिचारा रंधाच मारत होता. मुलीला हसून हसून ठसका लागला.

दादा, तेव्हापासून अन्न गोड लागत नाही. पुन्हा पुन्हा खेळलो. दर वेळी ठरवतो, अडसराकडे बघायचंच नाही. दर वेळी नजर तिकडेच जाते, आणि किल्लाही जातो. ज्याला जन्मभर गाढव म्हणत आलो, तोही असंच काहीतरी नीटनेटकं करायला गेला असेल का हो? आता चारचौघांत कोणत्या तोंडाने त्याची अक्कल काढू?

आपला,
माजी किल्लेदार

ता. क. : फलक रंगवून झाला असला तरी विषय बदलून ‘घरगुती कुलपांची निगा’ करावा. एवढी लाज राखा.

आणखी एक ता. क. : पाकीट चिकटवण्याआधी खात्रीसाठी जाडा ग्रंथ उघडला. त्या दाराचा अडसर लोखंडीच होता. हिला अजून सांगितलेलं नाही. एवढ्या ओळी खोलीचं दार लावून लिहितो आहे. कडी कोणत्या काळातली, ते पाहिलं नाही.