सिंहासनावरची उशी

सुरत, गुरुवार संध्याकाळ

मानसीची ती ॲनिमेशन मालिका आज संपली. राजकन्या आणि राजेशाहीविरुद्ध उठलेली विणकराची पोरगी, दोघींचं लग्न लागलं. आमची लेक मात्र टीव्ही सोडून माझ्याच तोंडाकडे बघत होती.

मी भडकलोच. "कालपर्यंत सिंहासन जाळा म्हणत होती, आज त्यावर उशी टाकून बसली?"

"पप्पा, तुम्हाला एवढंच खटकलं?"

"एवढंच? अगं, क्रांती बुडाली!"

गप्प बसा म्हणून बायकोने माझ्या पायावर पाय दाबला. तरी मी त्या उशीवरून राजधर्माचे दोन श्लोक ऐकवलेच.

"मग रविवारी हेतलला जेवायला बोलावू?" मानसीने टीव्ही बंद करत विचारलं. हेतल म्हणजे जवळच्या कडोदरा गावची, हिची मैत्रीण. नुसती मैत्रीण?

तेव्हा कुठं उजेड पडला. आणि म्हणे मी वार्ताहर! घरची बातमी मलाच सगळ्यांत शेवटी.

घसा खाकरून विचारलं, "राजेशाहीवाली नाही ना?"

मानसी हसता हसता रडली. "नाही हो. युनियनमध्ये आहे ती."

"मग बोलाव."

आत्ता बघतो तर बायको बैठकीतल्या उशीला नवा अभ्रा चढवतेय, हेतलसाठी. तत्त्वाचा प्रश्न होता. पण अभ्रा घट्ट होता, म्हणून दुसरं टोक मी धरलं.