काकूंच्या नावाचं जनावर

११ फेब्रुवारी

नाही, माझी नजर चुकलेली नाही. पुन्हा पुन्हा पाहिलं.

खोल समुद्रातल्या नव्या मोहिमेतून आलेल्या बरण्या आज तपासून संपल्या. सगळी जनावरं ट्रेमध्ये मांडली — लहानापासून मोठ्यापर्यंत, शाळेत प्रार्थनेला उभं करतात तशी. एका टोकाला सरांनी शोधलेली प्रजाती. बोटाच्या पेराएवढी, पाठीवर टोकदार काटे. दुसऱ्या टोकाला सगळ्यांच्या ओळखीची मोठी. तिची पाठ बोथट. मधली मापं आजवर कुणाला सापडलीच नव्हती. ती आता मध्ये आहेत. आणि काटे एकाएकी नाहीसे होत नाहीत. झिजत झिजत जातात.

म्हणजे दोन प्रजाती नाहीतच. सरांची प्रजाती हे त्या मोठीचं पोर आहे!

सरांची काय म्हणते मी — काकूंची. सरांनी तिला बायकोचं नाव दिलं, त्याला आता चाळीस वर्षं झाली. पुस्तकांत, संग्रहालयांच्या याद्यांत, सगळीकडे ती काकूंच्या नावाने आहे.

ट्रेवर झाकण ठेवलं. दोनदा हात धुतले. अल्कोहोलचा वास जात नाही.

१२ फेब्रुवारी

ताई म्हणाली, "पायात भिंगरी लागल्यासारखी काय फिरतेस? बस की जरा." दवाखान्यातून येते, दिवसभर लोकांचे दात उपटून दमलेली असते बिचारी. तिला सांगितलं. तिने शांतपणे ऐकून घेतलं.

"म्हणजे एक खेकडा दुसऱ्या खेकड्याचा मुलगा निघाला. यात रडण्यासारखं काय आहे?"

"खेकडा नाही तो."

"बरं, जो कोण असेल तो."

तिला कसं समजवू? मला या टेबलावर सरांनी बसवलं. सूक्ष्मदर्शकातून बघायचं कसं, ते त्यांनी शिकवलं. बाबा गेले त्या वर्षी मी कित्येकदा काकूंच्या घरी जेवले. मी नको म्हणायच्या आत ताट वाढलेलं असायचं.

१३ फेब्रुवारी

गुरुवार. सर आले. निवृत्त झाले तरी गुरुवार चुकत नाही.

संग्रहालयाचे संचालक खोल समुद्राच्या नव्या दालनाचे फलक घेऊन बसले होते. एका फलकावर छापून आलं होतं — 'बुटके शेवंड'. सरांनी चष्मा काढला. सर चष्मा काढतात तेव्हा समोरच्याने सावध व्हावं.

"हे शेवंड नाहीत."

"मग खेकडे लिहू?"

"खेकडेही नाहीत. शंखात घर करून राहतात ना ते संन्यासी खेकडे, त्यांचे हे चुलत भाऊ. आणि तेही खरे खेकडे नव्हेत."

"सर, लोकांना कळेल असं काही तरी सांगा."

"गटाचं शास्त्रीय नाव अॅनोम्युरा. अर्थ असा, की यांच्या शेपटीचा काही नेम नाही."

"हे फलकावर कसं लिहू?" संचालक रडकुंडीला आले होते. शेवटी 'शेवंडासारखे दिसणारे, पण शेवंड नसलेले' असं ठरलं. फलक लहान पडला.

मी हसले. सरही हसले. मग नेहमीसारखे माझ्या टेबलापाशी आले आणि झाकलेल्या ट्रेवर बोटांनी टकटक केली. "काय निघालं यात?"

"अजून बघतेय."

तोंडातून एवढंच निघालं. बघून झालंय माझं!

१६ फेब्रुवारी

सरांकडे गेले. आज सांगायचंच, असं ठरवून.

काकूंनी दार उघडता उघडताच विचारलं, "माझी शेवंडीण काय म्हणते?" त्या मुद्दाम शेवंडीण म्हणतात. सर चिडावेत म्हणून. "तीन हजार मीटर खाली, काळोखात, धड दिसतही नाही तिला. तरी बरी आहे ना?" बैठकीत त्या जनावराचं सरांनी काढलेलं चित्र आहे. पाठीवरचे काटे शाईने एकेक करून काढलेले. कुणी नवा माणूस आला की काकू चित्राकडे बोट करतात — "ही मी. काट्यांवरून ओळखलंत ना?"

दालनाच्या उद्घाटनाला कोणती साडी नेसायची यावर चर्चा झाली. उद्घाटन सरांच्या हातून आहे. भिंतीवर माणसाच्या उंचीचं तेच जनावर रंगवताहेत.

दोन कप चहा प्यायले. मिठाची गुळणी धरल्यासारखी बसले आणि परत आले.

१८ फेब्रुवारी

संचालकांना सांगितलं. त्यांनी आधी दार लावून घेतलं.

"नक्की?"

"नक्की."

"संशोधनाच्या पेपरात काय लिहाल?"

नियम सरळ आहे. एकाच प्राण्याला दोन नावं दिली गेली असतील तर जुनं राहतं. नवं ते 'कनिष्ठ पर्यायनाम' ठरतं. म्हणजे ते पुसत नाहीत, जुन्याच्या खाली बारीक अक्षरात ठेवतात. पण त्या नावाने प्राणी उरत नाही.

संचालकांनी टेबलावरची निमंत्रणपत्रिका उलटी करून ठेवली. मग म्हणाले, "उद्घाटन होऊन जाऊ द्या. जनावर चाळीस वर्षं थांबलंय, आणखी दोन आठवडे थांबेल."

जनावर थांबेल हो. माझं काय?

१९ फेब्रुवारी

धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं.

२० फेब्रुवारी

सांगितलं.

भिंतीवर ते चित्र असताना सरांनी खाली उभं राहून भाषण करायचं, आणि मला आधीपासून माहीत असायचं — हे मला जमणार नव्हतं. ट्रेचं झाकण काढलं आणि बाजूला झाले. म्हटलं, "सर, तुम्हीच बघा."

त्यांनी पाहिलं. एकेक जनावर चिमट्याने उचलून, भिंगाखाली धरून, परत त्याच जागी ठेवून. हात अजून जराही कापत नाही त्यांचा. मी मागे उभी. घड्याळाची टिकटिक, आणि बाहेर कुणीतरी सुतार ठोकत होता.

"हे दोन मधले वेगळ्या खोलीवरचे आहेत," ते म्हणाले.

"हो सर. पण बाकीचे—"

"नराचे अवयव पूर्ण वाढलेले आहेत का, पाहिलंस?"

"पाहिलं. तुमच्या मूळ नमुन्यात वाढलेले नाहीत, ते पिल्लूच आहे."

ते वाक्य बोलायला नको होतं. खरं होतं, तरी नको होतं. त्यांच्याकडे तेव्हा एकच जनावर होतं. तुटकी नांगी असलेलं, जाळ्यात चुकून आलेलं. एकावरून कुणालाही तसंच वाटलं असतं. हे मला आधी बोलायचं होतं. राहून गेलं.

सरांनी टोपी घेतली. "तुला मोजता छान येतं," दारात म्हणाले. "बघायला अजून शिकायची आहेस."

२१ फेब्रुवारी

बघायला कुणी शिकवलं?

२७ फेब्रुवारी

गुरुवार. सर आले नाहीत. खुर्ची मी तरी पुसून ठेवली होती.

२ मार्च

उद्घाटन झालं. सर आले, काकू आल्या. काकू निळ्या साडीत. सरांनी माझ्याकडे पाहिलं नाही. पाहिलं नाही म्हणजे काय — मी जिथे जिथे उभी होते, ती जागा वगळून सगळीकडे पाहिलं.

भाषण उत्तम केलं. डोळ्यांत रंग नसलेल्या, काळोखात जगणाऱ्या या प्राण्यांबद्दल बोलले. समुद्रात बुडालेल्या लाकडावर ते कसे राहतात, शेपूट पोटाखाली कसं दुमडून ठेवतात. मुलं तोंडं उघडी ठेवून ऐकत होती. मग भिंतीकडे हात करून म्हणाले, "ही प्रजाती वेगळी आहे. काही जणांना शंका असू शकते. मला नाही."

टाळ्या. काही जण म्हणजे मी. मीही टाळ्या वाजवल्या. सगळे वाजवत असताना हात खाली ठेवायला धीर लागतो.

घरी ताईला सांगितलं. ती म्हणाली, "मग तू काय केलंस? शेपूट घातलंस. तुझ्या जनावरांचं बरं आहे, त्यांचं जन्मापासूनच पोटाखाली असतं."

दिवा बंद केला आणि जागी राहिले.

४ मार्च

वाट सापडली असं वाटतंय. शंका असेल तिथे नावाआधी प्रश्नचिन्ह घालायची शास्त्रात पद्धत आहे. काकूंचं नाव, आधी प्रश्नचिन्ह. 'बहुधा एकच, अधिक अभ्यासाची गरज.' नाव बुडत नाही, मी खोटं लिहीत नाही, सर दुखावत नाहीत. घोंगडं भिजत पडेल, पडू दे. कुणाला टोचणार आहे?

पेपर तयार आहे. उद्या पाठवते.

५ मार्च

पाठवला नाही. का, माहीत नाही. तीन वेळा संगणकापाशी बसून उठले. त्याऐवजी बरण्या पुसल्या. पुसलेल्याच पुन्हा पुसल्या.

७ मार्च

आज काकू आल्या. एकट्या, बस बदलून. दारातला पहारेकरी आत येऊन म्हणाला, "एक आजीबाई आल्यात. म्हणतात, मी इथल्या बरणीत असते."

खुर्चीत बसल्या, पाणी प्यायल्या. "घरात कुणी बोलत नाही गं. जेवताना 'मीठ दे' एवढंच. तू येईनाशी झालीस. काय बिनसलंय? आणि माझ्या वयाला जपून सांगू नकोस."

मी सांगितलं. जपून नाही, सरळ.

"दाखव मला."

तेव्हा कळलं — काकूंनी आपलं जनावर कधी पाहिलेलंच नव्हतं! चाळीस वर्षं फक्त ते चित्र. मूळ नमुना काढला, भिंगाखाली ठेवला, खुर्ची उंच करून दिली. त्यांना आधी काहीच दिसेना. मग भिंगावर आणखी वाकल्या.

"इतकं लहान?"

"हो काकू. ते लहानच आहे. अजून वाढायचं होतं."

मग मी अख्खी रांग दाखवली. एकेक करून सगळी त्यांनी पाहिली, सरांसारखीच, घाई न करता. शेवटच्या बोथट पाठीच्या मोठीपाशी येऊन हसायला लागल्या.

"म्हणजे वय झालं की यांचे काटे झिजतात. आमच्याकडे उलटं झालं."

मलाही हसू आलं. आणि मग रडू. त्यांनी रुमाल दिला, थोपटलं वगैरे नाही. ट्रेच्या कडेला मी पेपरासाठी चिठ्ठ्या लावल्या होत्या. त्यांतली एक त्यांनी जवळ ओढली.

"हे काय? माझ्या नावाआधी प्रश्नचिन्ह?"

"सरांसाठी, काकू. म्हणजे तुमच्यासाठी पण."

"माझ्यासाठी कशाला?" त्यांचा आवाज चढला नाही, पण हसू गेलं. "आहे म्हण, नाहीतर नाही म्हण. नाव माझं आहे. ते असं दोरीवर वाळत घालू नकोस. आणि तुमच्या दोघांच्या भांडणात मला पुढे करू नका. ते म्हणणार, तुझ्यासाठी लढतोय. तू म्हणणार, तुमच्यासाठी गप्प बसले. मला कुणी विचारलंय का?"

कुणीच विचारलं नव्हतं.

बसपर्यंत सोडायला गेले. पायरी चढताना म्हणाल्या, "पण खरं सांगू? चित्रात मी फार रागीट दिसते."

८ मार्च

प्रश्नचिन्ह काढलं. काकूंचं नाव खाली, बारीक अक्षरात.

१० मार्च

तरी पाठवला नाही. वाक्यं बरोबर आहेत. पण सरांची चूक जगाला माझ्या तोंडून कळणार, हे काही केल्या पचत नाही. ताई म्हणते, "दुखरा दात आहे, आज काय न उद्या काय." तिला सगळं दातांवरूनच सुचतं.

१३ मार्च

गुरुवार. सर आले!

नमस्कार नाही, काही नाही. "ट्रे," एवढंच म्हणाले. मी दिला. दिवसभर बसले. मापं घेतली, चित्रं काढली, मूळ नमुना उलटा करून पाहिला. जेवायला उठले नाहीत. मी चहा नेऊन ठेवला, तो निवला. जाताना ट्रेवर झाकण नीट बसवलं आणि गेले.

संचालक म्हणाले, "तुमच्या पेपराला उत्तर तयार करताहेत. मला जुने संदर्भ मागितलेत."

"पण पेपर अजून गेलेलाच नाही."

"मग तुमच्या आधी छापून आणतील. सर आहेत ते."

२० मार्च

आले नाहीत. काकूंना फोन केला. म्हणाल्या, "लिहिताहेत. खोलीचं दार लावून. मी काही विचारत नाही, तूही विचारू नकोस."

२८ मार्च

जीव टांगणीला लागलाय. जिना चढते आणि कशासाठी चढले ते विसरते. नवीन बरणीवर आज चुकीची चिठ्ठी लावली. सरांनी एकदा वेगळं म्हणून छापलं, की त्यांच्याविरुद्ध मला उभं राहावं लागणार. सगळ्यांसमोर, नाव घेऊन.

राहीन. काकूंना शब्द दिलेला नाही, पण दिल्यासारखाच आहे.

४ एप्रिल

नियतकालिकाच्या संपादकांकडून एक टिपण परीक्षणाला आलं. या जनावरांवर काम करणारी माणसं बोटांवर मोजण्याइतकी, त्यामुळे माझ्याकडेच. लेखक: सर. उघडायला तासभर लागला.

एकच पान आहे. ती प्रजाती स्वतंत्र नाही, ते दुसऱ्या प्रजातीचं पिल्लू आहे. हे माझ्या विद्यार्थिनीने पाहिलं, मी पाहिलं नव्हतं. तळाशी आभार, एका ओळीचे — 'माझ्या पत्नीचे, चाळीस वर्षं वापरू दिलेलं नाव परत मागून घेतल्याबद्दल.'

शिफारशीच्या रकान्यात लिहिलं: जसंच्या तसं छापावं.