शुक्रवारच्या मोर्चाआधी

प्रिय धाकट्या,

हे चौथं पत्र, आधीची तीन फाडली. परवा शुक्रवार. मोर्चाला तू पोरांना घेऊन कसा येणार, एवढंच डोक्यात आहे. शिलाई मशीनवर बसले तर दोरा तुटतो, गॅलरीत गेले तर चौकात पोलिसांची गाडी दिसते. दोनदा चहा केला, दोन्ही वेळा गार झाला.

रविवारच्या सभेत तू जिंकलास असं तुला वाटतंय. आपल्या सभेचा नियम मास्तरांचाच, आधी समोरच्याचं म्हणणं त्याला पटेल असं मांडायचं, मग आपलं. त्या दिवशी त्यांनी तुमची बाजू इतकी जीव ओतून मांडली की माझ्याही अंगावर काटा आला. नदीपलीकडे आपल्याला कुणी खोली देत नाही, घरांसाठी अर्ज करून सहा वर्षं झाली, विनवण्या पुरे. पोरं ‘मास्तर आपलेच’ म्हणत टाळ्या वाजवत बाहेर पडली, त्यांच्यापुढे तू. मास्तर हात वर करून म्हणत होते, “अरे, हे तुमचं झालं, माझं राहिलंय.” पुढच्या बाकावरची दूधवाली काकू म्हणाली, “मास्तर, फारच चांगली वकिली केलीत की हो, पण त्यांची.” तासाभरात नदीपलीकडच्या बाजारातली सात दुकानं जळाली. त्यात चष्मेवाल्याचंही. आपल्यातल्या दोन कुटुंबांना त्यानेच वरच्या खोल्या दिल्या होत्या.

तुझा राग खोटा नाही. घरमालकिणीने मला बघून ‘खोली रिकामी नाही’ची पाटी लावली, तेव्हा माझं गाठोडं तूच उचललंस. बारा वर्षांचा होतास. घरापर्यंत ते डोक्यावर वाहून आणलंस.

मास्तरांना नंतर विचारलं, तुमचं काय राहिलं? म्हणाले, “एवढंच, की दगड मागून येतो आणि लाठी पुढच्यावर पडते.”

काल त्याच भाषणावरून त्यांना पोलिसांनी घरातून नेलं. मोर्चा रद्द करावा की नाही यावर समिती दोन तास भांडली. शेवटी ठरलं, निघायचंच. पुढे कोण, म्हटल्यावर सगळे छताकडे बघायला लागले. मग मी म्हटलं, मी. आईला अजून सांगितलेलं नाही, तूही सांगू नकोस. यायचं की नाही ते तू ठरव. पण आलास तर मागे राहू नकोस. पोरांना घेऊन रिकाम्या हातांनी माझ्या शेजारी उभा राहा. मला एकटीला भीती वाटते रे.

तुझीच,
ताई