पेटीतलं शेवटचं कापड

१६ नोव्हेंबर, आर्डनॉख गढी

वॉटीच्या होडीतून आज उतरलेला माल: खारवलेल्या हेरिंग माशांची दोन पिंपं, अकरा पौंड. ओटाच्या पिठाची चार पोती, सोळा पौंड. चरबीच्या बत्त्या बारा डझन, तीन पौंड. साखरेची एक ढेप, वीस शिलिंग (इतक्या पैशांत आपण दोघी बहिणी हिवाळाभर मध खाल्ला असता). आणि एक विधवा, वय बेचाळीस, पेटीसकट. तिचं भाडं नाही, कारण होडीवाला तिच्या धाकट्या बहिणीचा नवरा.

एलिसन, ही वही तुझ्यासाठीच लिहिते आहे. भरली की वॉटीच्या हाती पाठवीन.

देवाची कृपा म्हणायची. मार्टिनमासच्या सणाच्या बाजारात चाकरीसाठी उभ्या असलेल्या तीस बायांतून या गढीच्या कारभाऱ्यानं मलाच निवडलं. निनियन त्याचं नाव. माणूस गुळगुळीत आहे, लोण्याचा हात लावल्यासारखा. त्यानं नाव विचारलं, मी बापाचं सांगितलं, ग्रिझेल किनवेल. नवरा डफस होता हे खरं, पण नवरा केला म्हणून कुणी बापाचं नाव टाकतं का? त्यानं ते पुन्हा एकदा मोठ्यानं सांगायला लावलं. मग विचारलं की राजांचे पालक जे बडे सरदार किनवेल, त्यांची तू कोण? मी म्हटलं, कोणी नाही. त्यांच्या जमिनीवर आमचा बाप जोडे शिवायचा, त्यांचं नाव त्यांच्या सगळ्याच कुळांनी लावलेलं. तो हसला, म्हणाला की नाव ते नाव, आणि मी मागितल्यापेक्षा जास्त पगार कबूल केला. आपल्या नावाचा मला इतका अभिमान कधी वाटला नव्हता.

खोली वरच्या मजल्यावर, कोरडी आहे. खिडकीतून तळं दिसतं आणि पलीकडे तुमच्या धक्क्यावरचा धूर. तुझ्या चुलीचाच असं मी धरून चालते.

१९ नोव्हेंबर

कोठार लावलं. उंदीर कमी आहेत. पीठ मोजून कुलपात ठेवलं.

इथली माणसं आपसांत डोंगराकडच्या भाषेत बोलतात आणि मी आले की तेही थांबवतात. जेवण मला वेगळं मिळतं, एका लांब मेजाच्या टोकाला. काल दिवसभरात माझ्याशी कोण किती बोललं ते आठवून पाहिलं, तर मिठाबद्दल दोनदा आणि किल्लीबद्दल एकदा. रात्री स्तोत्र म्हणते ते मुद्दाम मोठ्यानं म्हणते. कुणाचा तरी आवाज ऐकू येतो.

कोंबड्या सांभाळणारी एक म्हातारी आहे, बीथाग. तिला आपली भाषा मोडकीतोडकी येते. अंगणात मला थांबवून तिनं डोक्यापासून पायापर्यंत न्याहाळलं आणि म्हणाली, घाबरू नको पोरी, तुझ्या अंगावर कापडाचा धागासुद्धा नाही. मी म्हटलं, बाई, जीभ आवर, चांगले दोन झगे घातलेत मी! तेव्हा दात नसलेल्या तोंडानं हसली. तिला म्हणे दृष्टी आहे. मरायला टेकलेल्या माणसाभोवती तिला त्याचं शेवटचं कापड, पुरताना गुंडाळायचं, चढताना दिसतं. आधी पाय, मग गुडघे, मग कंबर. तोंड झाकलं की त्याच दिवशी आटोपलं. मी तिला बजावलं की हे पाप आहे आणि धर्मगुरूंच्या कानावर गेलं तर जाळतील. ती म्हणाली, कोंबड्या कोण सांभाळेल मग?

पाप ते पापच. पण दिवसभरात तेवढं एकच बोलणं झालं, म्हणून लिहून ठेवलं.

२३ नोव्हेंबर

होडी आली. वॉटीला फाटकाच्या आत येऊ देत नाहीत. लांबून हात केला.

आजच्या मालात एक मोठं कुलूप होतं. राजे शिकारीला म्हणून इथं मुक्कामाला यायचे आहेत. अकरा वर्षांचे आहेत, आईबाप कधीच गेले. त्यांच्यासाठी माझ्या शेजारची खोली तयार करायची. लोहारानं कुलूप दाराला बाहेरून बसवलं. मी विचारलं, तर निनियन म्हणाला की महाराज झोपेत चालतात. लोहार खाली बघून हसला.

बिछान्याची कापडं काढायला अडगळीत गेले, तिथं एक पेटी सापडली. माझ्या आधी या कामावर असलेल्या बाईची. घरखर्चाच्या वहीत तिची सही आहे, मॅरियन किनवेल. आपल्याच गावाकडची असणार. ऑगस्टनंतर तिचं अक्षर दिसत नाही. निनियन म्हणतो, कंटाळून घरी गेली.

पेटीत तळाशी तिचं शेवटचं कापड होतं. घडी केलेलं, कडेला तिनं आपल्या हातानं शिवलेला टाका, आत लव्हेंडर. एलिसन, आईनं आपल्या दोघींनाही लग्नाच्या वर्षी पहिलं तेच शिवायला बसवलं होतं. बाई चमचा विसरेल, नवरा विसरेल. हे कापड टाकून कोणती बाई घरी जाते?

२६ नोव्हेंबर

राजे आले. बरोबर सहा सरदार, चाळीस घोडे. शिकारीचं हरीण एकही नव्हतं.

हाडापेरानं इतके बारीक की आठ वर्षांचे वाटतात. हात गार. मी पाणी घेऊन गेले, तर त्यांनी पहिला प्रश्न विचारला की कुलूप आतून आहे की बाहेरून. खोटं बोलता आलं नाही. त्यांनी मान हलवली, जणू अपेक्षित उत्तर आलं. म्हणाले की हे पाचवं घर. आधी शिकारीला नेतात, मग दार लावतात, मग सगळे खूप गोड बोलतात. मग त्यांनी विचारलं, तुम्हालाही गोड बोलायला सांगितलंय का? मी म्हटलं, मला फक्त मिठाची किल्ली दिली आहे. तेव्हा हसले.

राजांसमोर कोणी बसत नाही, म्हणून ते कायम एकटे जेवतात. आज त्यांनी मला बसायची आज्ञा केली. मी स्टुलावर बसले. ते जेवले, मी पाहत राहिले. तरी या घरात आल्यापासून पहिल्यांदा मला कुणाबरोबर जेवल्यासारखं वाटलं.

खाली आले तर बीथाग जिन्याशी. तिनं वर बघून आपल्या गुडघ्यांवर हात ठेवला. पोराच्या इथपर्यंत आलंय, म्हणाली. देवानं तिला क्षमा करावी.

२८ नोव्हेंबर

आज सहाही सरदार दिवाणखान्यात दार लावून बसले होते. मी मांस घेऊन गेले तेव्हा मेजावर एक कागद होता, त्यावर सहा मोहरा, लाख अजून ओली. एकजण बोटांना लागलेली लाख खरवडत होता. या गढीच्या धन्यानं, म्हणजे सरदार बॅलगॅरींनी, त्याच्या पाठीवर थाप मारून म्हटलं की सही केली ना गड्या, आता सगळ्यांच्या माना एकाच दोरात, कुणी एकटा सटकायचा नाही. सगळे मोठ्यानं हसले. राजांनंतर गादीवर हक्क बॅलगॅरींच्या जावयाचा आहे हे या घरात कोंबड्यांनाही माहीत आहे. पण मी पानं वाढत राहिले.

मग निनियननं मला मधोमध उभं केलं आणि सगळ्यांना सांगितलं, ही आमची नवी बाई, ग्रिझेल किनवेल. एकदा. पुन्हा, किनवेल. मग शिपायांकडे वळून, लक्षात ठेवा रे, परवापासून महाराजांचं संध्याकाळचं दूध किनवेलबाईच करतील आणि किनवेलबाईच नेतील, दुसऱ्या कुणाचा हात लागता कामा नये. सरदार माझ्याकडे बघत होते. विकत घेतलेल्या घोड्याकडे बघतात तसं.

मला एक लहान डबी दिली. महाराजांच्या खोकल्याची पूड आहे म्हणे. परवा, संत अँड्र्यूच्या दिवशी, दुधात घालायची.

महाराजांना खोकला नाही.

२९ नोव्हेंबर

घरखर्चाच्या वहीत ऑगस्टची दोन पानं एकमेकांना खळीनं चिकटवलेली होती. वाफ देऊन सोडवली. मॅरियनचं अक्षर. "राजे उद्या यायचे आहेत. मला एक डबी दिली. खोकल्याची म्हणाले. मी कारभाऱ्यांना सांगितलं की मी हे" आणि पुढं काही नाही.

ऑगस्टमध्ये नदीला पूर आला होता. राजे आलेच नाहीत. निनियननंच मला सांगितलं होतं, बोलता बोलता.

म्हणजे तेव्हाही एक किनवेल. आताही एक किनवेल. पालकांच्या नावाची बाई, तिच्या हातचं दूध, चाळीस साक्षीदार. राजे गेले की मला फाशी, आणि माझ्या नावाबरोबर त्या बड्या किनवेल घराण्याचा शेवट. मी माझं नाव बाजारात दोनदा मोठ्यानं सांगितलं होतं. अभिमानानं.

खुराड्यात जाऊन बीथागला विचारलं. मॅरियनच्या अंगावर तुला कापड कुठपर्यंत दिसलं होतं?

ती अंडी पुसत म्हणाली, कुठंच नाही. तिच्यावरही धागा नव्हता. मला वाटलं, शंभर वर्षं जगेल. मग एका सकाळी तळ्यावर तिची टोपी. तिला कापड मिळालंच नाही पोरी. मग मला दिसणार कसं?

आणि पोराच्या गळ्यापर्यंत आलंय, म्हणाली.

३० नोव्हेंबर, सकाळ

संतांचे दिवस पाळणं आपल्या धर्मगुरूंना खपत नाही. तरी आज गुडघे टेकले.

होडी येणार. दर आठवड्याची. सरदार शिकारीला गेलेत, अंधार पडेपर्यंत येणार नाहीत. दूध त्यानंतर.

कपडे धुवायचा धक्का होडीच्या धक्क्याला लागून आहे. निनियनला सांगितलं की काल सरदारांनी चादरींची दुर्दशा केली, आजच धुवायला हव्यात, डाग बसला तर नवं कापड घ्यावं लागेल. काटकसरी बाई, म्हणाला. नेहमीसारखा हसला.

दुपार

झालं.

बीथागला घेऊन मोठी करंडी वर नेली. शिपायानं कुलूप उघडलं. महाराजांना सांगितलं फक्त एवढंच, की हे सहावं घर नाही, होडी आहे. करंडीत शिरले, गुडघे पोटाशी. थंडीनं दात वाजत होते, आवाज बाहेर जाईल असं वाटलं. चादरी ओल्या, घाण. अंगाला गुंडाळायला कोरडं काही नव्हतं.

शेजारी माझ्या खोलीत जाऊन पेटीतलं काढलं. माझं शेवटचं. पायांवरून, गुडघ्यांवरून, गळ्यापर्यंत आणि मग — तोंडावरूनही. बीथाग बघत होती. मी झाकलं आणि ती एकदम रडायला लागली. म्हणाली, हेच दिसलं होतं, हाच टाका, हीच कड. पोरी, ते तुझंच होतं गं.

म्हणजे ते मरण नव्हतं. एवढंच होतं. देवा, एवढंच होतं ना?

दोघींनी उचललं. शिपाई म्हणाला, काय गं म्हातारे, धोंडे भरलेत का? बीथाग म्हणाली, सरदारांनी काल ओकलेलं सगळं आहे, हात लावतोस? तो नाक धरून मागं झाला.

करंडी तट्टावर चढवली. बीथाग ती धक्क्यावर घेऊन गेली, वॉटीला काय सांगायचं ते तिला पढवलंय. मी परत वर आले.

मला जाता येत नाही. मी गेले तर शिपाई आत डोकावेल. होडीला पलीकडे पोचायला दोन तास. पडदे ओढलेत, लोड पांघरुणाखाली. मी शेजारी स्टुलावर, ते जेवत असताना बसले होते तशी.

तिसऱ्या प्रहरी

तळ्यावर धुकं. होडी दिसत नाही.

निनियन दाराशी आला. किती मऊ आवाज. किनवेलबाई, महाराज जेवले का? मी म्हटलं, झोपलेत, हळू बोला. बरं, म्हणाला. मग —

बाहेरून कुलूप फिरलं.

तो अजून दाराशीच आहे. श्वास ऐकू येतो.

मोठ्यानं स्तोत्र म्हटलं. कुणीतरी आत आहे असं वाटावं. मलाही.

उजेड चाललाय

घोडे. लवकर आले.

बीथाग खिडकीखाली आली आहे, कोंबड्यांना हाका मारते आहे, पण कोंबड्या कधीच आत गेल्यात. वही दोरीनं सोडते. पुढच्या होडीनं वॉटीला देईल. तिनं वर बघितलं — माझ्याकडे — पायांपासून डोक्यापर्यंत, आणि मान हलवली. धागा नाही.

जिन्यावर खूप जण. निनियन माझं नाव घेतोय. पूर्ण नाव.

एलिसन, दूध मी केलंच नाही. डबी तशीच आहे, झाकण उघडलेलं नाही. हे कुणीतरी लिहून ठेवा. महाराजांना गरम काही दे आणि त्यांच्यासमोर बस, ते जेवतील. कापड फाडू नका, चांगलं आहे, आईच्या सुताचं. ते पोचले असतील तर धुऊन, वाळवून मला परत पाठव, मी तेवढ्यावरून ओळखीन. पत्र नको. कापडच. वॉटीच्या हाती, उलट होडीनं, विसरू नकोस, म्हणजे मला निदान —