पासपोर्ट हरवलेला नाही

३ नोव्हेंबर, सोमवार

जे झालं ते आधी, क्रमाने.

१. पासपोर्टच्या केंद्रात सकाळची अपॉइंटमेंट होती. वेळेवर पोचले.
२. काउंटरवर विचारलं, आधी कधी पासपोर्ट होता का. हो म्हटलं. लहानपणी, मस्कतला गेलो तेव्हाचा. मुदत कधीच संपली.
३. जुन्याची झेरॉक्स दिली. चालेल असं धरून गेले होते. चालत नाही. मूळ जमा करावा लागतो.
४. हरवला असेल तर पोलिसांचा दाखला आणि प्रतिज्ञापत्र आणा म्हणाले.
५. हरवलेला नाही. कुठे आहे ते मला माहीत आहे. गावदेवीच्या देवळात, देवीच्या पेटीत, लाल कापडात. आई-बाबांचेही सोबत आहेत.
६. हे काउंटरवर सांगितलं नाही. काउंटरवरची बाई चांगली होती, तिला कशाला.
७. घरी येऊन आईला म्हटलं, "जुना लागतो." ती तांदूळ निवडत होती. निवडत राहिली.

४ नोव्हेंबर

एचआरच्या मॅडमचा मेल. कंपनी बंदरातल्या टर्मिनलवरच्या क्रेन दुरुस्तीतल्या दोघांना पोलंडला पाठवतेय. क्रेन बनवणाऱ्या कारखान्यात, सहा महिने. कदम आणि मी. पासपोर्टची प्रत १५ डिसेंबरपर्यंत द्यायची, नाहीतर दुसरं नाव घेणार. ते नाव कोणाचं ते मला माहीत आहे. त्याला अजून एन्कोडरची केबल कुठली ते विचारावं लागतं. पण पासपोर्ट आहे.

जेवणाच्या सुट्टीत कदमला खरं सांगितलं. तो साताऱ्याचा, त्याला पहिल्यापासून सांगावं लागलं. आमच्या गावात नवसाला नुसता नारळ देत नाहीत. जे सोडायचं ती वस्तूच देवीकडे ठेवायची. दारू सोडणारा ग्लास ठेवतो, जुगार सोडणारा पत्ते. तिला 'ठेव' म्हणतात. पेटी चैत्रात जत्रेला उघडते, मुखवटा काढायला. दोन कुलपं. एक चावी गुरवाकडे, एक मंडळाच्या अध्यक्षाकडे. ठेव परत मागायची नसते.

कदम: "म्हणजे देवीकडे तीन पासपोर्ट आहेत?"
"हो."
"मग तिलाच पाठव की पोलंडला."

हसले. पण नंतर पूर्ण शिफ्ट त्याच गोष्टीचा राग मनात.

६ नोव्हेंबर

आठवतं ते एवढं. मी आठ वर्षांची. आई आणि मी मस्कतहून आधी परतलो. बाबांचा पगार अडकलेला, त्यावरून भांडण, मालकाने त्यांचा पासपोर्ट स्वतःच्या टेबलाच्या ड्रॉवरमध्ये ठेवला. देईना. इकडे आई रोज देवळात. नवस बोलली: ते सुटून आले तर आमच्यातलं कुणी पुन्हा समुद्र ओलांडणार नाही, तिघांचे पासपोर्ट तुझ्याकडे.

बाबा आले. आईने शब्द पाळला.

तिन्हींतला एक माझा होता. मला विचारल्याचं आठवत नाही. आठ वर्षांच्या मुलीला कोण विचारतं, हेही खरं. आता चोवीस आहे.

८ नोव्हेंबर

नाक्यावरचा सायबर कॅफेवाला, जो सगळ्यांचे फॉर्म भरतो. त्याचे दोन उपाय.

एक: "नवीनच टाका ताई. आधी नव्हताच म्हणा." खोटं. रेकॉर्डवर आहे.
दोन: "मग हरवला टाका. बसमध्ये पडला. सगळे तसंच करतात."

पडला नाही. सही माझी जाणार, तर मजकूरही खरा हवा. त्याने माझ्याकडे अशी नजर टाकली की जणू मीच त्याला काहीतरी चुकीचं करायला सांगतेय.

घरी आईचंही तेच. "लिही हरवला म्हणून. कोण बघायला येतंय?"
मी म्हटलं, सरकारला खोटं लिहून देऊ?
"सरकार रागवत न्हाय गो. ती रागावते."

पण सही करणार नाही.

९ नोव्हेंबर, रविवार

नामदेवकाकांकडे गेले. बाबांचे चुलतभाऊ, मंडळाचे अध्यक्ष, बारा ट्रेलरचे मालक. दारात बाकड्यावर बसून फोनवर ड्रायव्हरला शिव्या देत होते. फोन ठेवला आणि एकदम गोड.

"काय गो प्राची, परदेशी चाललीस म्हणं? मंग हितल्या क्रेना कोण वर-खाली करल?"
"मी चालवत नाही काका, दुरुस्त करते."
"तेच ते."

तेच ते नाही. पासपोर्टचं सांगितलं. काकांनी वरती बघून हात जोडले.

"ठेव हाय ती. देवीची झाली."
"पासपोर्टवर छापलेलं असतं काका, ही भारत सरकारची मालमत्ता आहे. आईची नव्हती, माझीही नाही. दुसऱ्याची वस्तू नवसात देता येते का?"

काका मोठ्याने हसले, घरात काकूला हाक मारून सांगितलं, "ऐकलंस का, जनार्दनाची पोर देवीवर केस टाकते!" काकू चहा घेऊन आली, हसली नाही. मला हळूच, "जा गो तू. मिळल त्या वाटेनं जा."

शेवटी काकांचा निकाल: कौल लावू. देवी देईल तो मान्य.
मी विचारलं, उजवा आला तर पेटी त्याच दिवशी उघडणार?
"आधी येऊ दे."

१४ नोव्हेंबर

कौल. देवळात आई, मी, काका, गुरव दत्तूमामा. देवीच्या दोन्ही खांद्यांवर भिजवलेली एकेक पाकळी चिकटवतात. उजवी पडली तर हो, डावी पडली तर नाही.

निरीक्षण लिहिते, निष्कर्ष नाही.
उजवी पाकळी मामांनी दोनदा दाबली. डावी एकदा.
पंखा डाव्या बाजूला, चालू.
मामांनी गाऱ्हाणं सुरू केलं. "बाय माजे, तुजी ही लेकरं..." एवढ्यातच डावी पडली. प्रश्न अजून विचारलाच नव्हता.

म्हटलं, पंखा बंद करून पुन्हा विचारा. निदान पूर्ण विचारा.
मामा दुखावले. "देवीला दोनदा इचारीत न्हाय, बाय."
काका: "तुमचं मशीन न्हाय हे."

आई रडली. सुटकेने की दुःखाने, कळलं नाही. घरापर्यंत माझ्या दोन पावलं पुढे चालत होती. मागे वळली नाही.

मी देवीशी भांडत नाहीये. हे आईला कसं सांगायचं. माझं भांडण पंख्याशी आहे.

१५ नोव्हेंबर

जेवताना बाबा. सुकटीचं कालवण, भाकरी. बाबा जेवताना बोलत नाहीत, आज बोलले, तेही ताटाकडे बघून.

"शंकरचं लायसन काढलं व्हतं ना."

कोण शंकर? काकांचा ड्रायव्हर. दारू पिऊन भरलेला ट्रेलर मिठागरात घातला होता. त्याच्या बायकोने रागाने त्याचं लायसन्स देवीकडे ठेवलं, की हा आता गाडी चालवणार नाही. गावाला माहीत आहे. पुढचं मला माहीत नव्हतं. गणपतीच्या आधी काकांकडे ड्रायव्हर कमी पडले. पेटी उघडली. लायसन्स बाहेर. कौल नाही, काही नाही. चैत्र तर नव्हताच.

"तुम्हाला कसं माहीत?"
"मीच व्हतो दिवा धरायला."

आईचा घास तोंडाशी थांबला. "आणि मला बोलला न्हाय?"
बाबा: "काय बोलू? नामदेव म्हणला, कामाचा इषय हाय."

उठून ताटं धुवायला घेतली, पाणी जास्तच सोडलं.

१६ नोव्हेंबर

आई बोलत नाही. माझ्याशी नाही, बाबांशीही नाही. देवळातही गेली नाही आज. हे पहिल्यांदाच पाहतेय.

बाबा ओट्यावर. मी शेजारी बसले. विचारलं, तो ड्रॉवर कसा होता. मस्कतचा.
"लोखंडी. हिरवा. मी रोज हिशेबाला जायचो त्या खोलीत. समोरच असायचा." थोड्या वेळाने, "कुलूपसुद्धा नव्हतं त्याला. पण हात लावायची छाती नव्हती."



१९ नोव्हेंबर

एचआरच्या मॅडमना स्पष्ट लिहिलं: जुना पासपोर्ट मिळवण्यात अडचण आहे, प्रयत्न चालू आहे, नाव काढू नये. कारण लिहिलं नाही. उत्तर: तारीख पुढे जाणार नाही.

ठीक. तत्काळमध्ये होईल, जुना हातात आला तर. सगळं त्या एका 'तर'वर.

कदम म्हणाला, पेटीचं कुलूप काय, दोन मिनिटांचं काम आहे. खरं आहे. मी एकटीनेही करू शकते. करणार नाही. चोरून आणलेला पासपोर्ट मला नको, तो दिलेला हवा.

२३ नोव्हेंबर, रविवार

मंडळाची बैठक, देवळाच्या सभामंडपात. पुरुष मध्ये सतरंजीवर, बायका खांबांपाशी. विषय: मंडपाचे पत्रे, लाइटचं मीटर. माझा विषय शेवटी, 'इतर'मध्ये.

उभी राहिले. लिहून नेलं होतं तेवढंच बोलले. ठेव कोणाची, वस्तू कोणाची, कशासाठी हवी, कधीपर्यंत.

काका: "कौल झालाय. डावा आलाय. इषय संपला."
मी: "शंकरदादांच्या लायसन्सचा कौल कुठला आला होता?"

मागून कुणीतरी, "तवा देवी सुट्टीवर व्हती!" हशा. दत्तूमामा जमिनीकडे बघत. शंकर स्वतः दाराजवळ उभा होता, तो बाहेर निघून गेला. त्याचं मला वाईट वाटलं. नाव घ्यायचं नव्हतं त्याचं, पण त्याशिवाय वाक्य होत नव्हतं.

काका लाल. "तो कामाचा इषय व्हता!"
"माझाही कामाचाच आहे."
"बाईमाणसानं सा महिने परदेशात..."
"हे तुम्ही नवसात घालताय. आईच्या नवसात बाईमाणूस नव्हतं. बाबाही होते त्यात."

मग आई उठली. आई बैठकीत कधी बोललेली नाही. पदर खोचला.

"नवस मी बोलले. पोरीनं न्हाय. तिचा मी तिला न इचारता ठेवला, ती माजी चूक. देवीशी माजं मी बघीन. तुम्ही मधी कशाला?"

खांबांपाशी बायकांची कुजबुज वाढली. कुणी म्हणालं, बरोबर हाय. कुणी म्हणालं, उद्या सगळ्याच मागतील. काकूचा आवाज सगळ्यांत स्पष्ट: "मागू द्या. ठेवलंय कुणाचं, पोरांचंच ना."

काकांनी नारळ उचलला आणि बैठक संपवली. "कमिटी ठरवल."
कधी?
"ठरवल तवा."

२४ नोव्हेंबर

आईला विचारलं, भीती वाटते का.
"वाटते तर." चुलीवरचा भात बघत राहिली. "तू गेलीस आणि तिकडं तुला कुणी अडकवलं, तर मी कुणाकडं काय ठेवू? माज्याकडं आता ठेवायला काय न्हाय."

मी सांगितलं, तिकडे पासपोर्ट माझ्याकडेच राहणार, कंपनी घेत नाही, करारात तसं आहे. तिला कराराचं काही नाही. मग म्हणाली, "माजा आणि तुज्या बाबाचा ऱ्हाऊ दे तिथंच. तुजा तेवढा काढ. मी अर्धा तरी पाळला असं व्हईल."

असा अर्धा पाळता येतो का, मला माहीत नाही. तिला माहीत असेल.

बाबांनी मध्येच: "माजा पण काढा."
आई त्यांच्याकडे बघतच राहिली. बाबा उठून गाडी पुसायला गेले. त्यांना कुठेही जायचं नाही, पासपोर्ट नुसता हातात हवा. आईला त्यांनी तसं म्हटलंही नाही.

२६ नोव्हेंबर

तोंडी पुरे. आज पत्र. बाबांचं नाव घालायचं का, यावर दोन दिवस घरात वाद. शेवटी बाबा म्हणाले, आधी तुझा, माझं मी मागीन. उद्या सकाळी ड्युटीवर जाताना काकांच्या हातात देणार, पोच घेणार. नक्कल इथे:

प्रति, मा. अध्यक्ष, ग्रामस्थ मंडळ.

१. माझा लहानपणीचा पासपोर्ट माझ्या आईने देवीकडे ठेव म्हणून दिला. तो पेटीत आहे, हे तुम्हालाही मान्य आहे.
२. नव्या पासपोर्टसाठी जुना जमा करावा लागतो. तो मला परत हवा आहे. पेटीतल्या दुसऱ्या कुठल्याही वस्तूवर माझी मागणी नाही.
३. ठेव ठेवणारीची, म्हणजे माझ्या आईची, यास संमती आहे. तिची सही खाली आहे.
४. पेटी उघडताना माझी आई आणि गुरवमामा हजर असावेत. पूजा, गाऱ्हाणं, जे करायचं ते करावं. माझी हरकत नाही.
५. पासपोर्ट हरवला असं मी कुठेही लिहून देणार नाही. तो न मिळाल्यास पोलीस ठाण्यात खरा अर्ज देईन: पासपोर्ट कुठे आहे, चाव्या कोणाकडे आहेत, आणि कोणी दिला नाही.

पेटी कोणत्या दिवशी उघडणार, किंवा उघडणार नाही, हे कृपया शुक्रवार, ५ डिसेंबरपर्यंत लेखी कळवावे.

प्राची जनार्दन म्हात्रे

संमती: (आईची सही)