आबा, मुक्काम बदललाय

माझ्या आबांना,

उद्या सकाळी दारात टेम्पो येणार आहे आणि आई त्यात चढायला तयार नाही. दत्तूने समजावून पाहिलं, मी रागावून पाहिलं, आम्हा दोघा भावंडांचं काही चालेना. तिचं आपलं एकच, "तुज्या आबास्नी सांगितल्याबिगर मी हितनं हलायची न्हाय." तुम्हाला जाऊन वर्ष व्हायला आलं, आबा. तुम्हाला कसं आणि कुठं सांगायचं? पण सांगितल्याशिवाय सुटका नाही, म्हणून लिहायला बसले.

बातमी एवढीच की आपल्या या कालव्याकडेच्या दोन खोल्या पाडणार आहेत. घरमालकाला इथं दुकानांची इमारत उठवायची आहे. खाली झेरॉक्सवाला आणि एसटीडी बूथवाला आत्तापासूनच जागा ठरवून बसलेत! शेजारपाजारचे सगळे गेले, आपणच तेवढे उरलोय. दत्तूने एमआयडीसीच्या अंगाला नव्या वसाहतीत घर बघितलंय, तिसऱ्या मजल्यावर. कारखाना जवळ पडतो त्याला. त्याचंही चुकत नाही.

आईचंही चुकत नाही, हीच तर पंचाईत आहे.

इथल्या लोकांना वाडा म्हटलं की दगडी जोतं आणि दिंडीदरवाजा आठवतो. आपला वाडा म्हणजे मेंढरं, दोन घोड्या, कुत्री आणि पालाखालचं बिऱ्हाड. दिवाळी झाली की आपल्या गावाहून, अंथुर्ण्याहून, कोकणच्या वाटेला लागायचा. सकाळी मेंढरं हाकायच्या आधी तुम्ही आईला तेवढं सांगायचात, "आज मुक्काम ओढ्यापल्याड, चिंचंखाली." आणि चालू लागायचात. मागून आई घोड्यांवर बिऱ्हाड लादून, पाठीशी पोर बांधून त्या चिंचेखाली पोचायची. कधी रानमालकाने बसू दिलं नाही की तिला पुढे सरकावं लागायचं. मग ती फाट्यावर हिरवी फांदी टाकून वर दगड ठेवायची, फांदीचा शेंडा नव्या मुक्कामाकडे. सांजेला तुम्ही मेंढरं घेऊन बरोबर तिथं हजर! मी हे फार थोडं पाहिलं. मला तुम्ही लवकरच इथं बारामतीच्या वसतिगृहात ठेवलंत, का तर वाडा हलतो आणि शाळा हलत नाही. किती रागावले होते मी तुमच्यावर!

त्या शाळेमुळे पुढे वाचनालयात पुस्तकं देण्याघेण्याचं काम मिळालं. मेंढरं विकून तुम्ही दोघं इथं राहायला आलात तेव्हा मी रोज संध्याकाळी एक पुस्तक घरी आणायचे. मला वेड एकाच प्रकारच्या पुस्तकांचं, आपलं शहर कसं बदललं, राहतं घर कसं सुटलं, असलं लिहिलेल्यांचं. तुम्ही ओट्यावर लोकर कातत बसायचात आणि मी वाचायचे. पुण्याच्या एका गृहस्थाचं ते जाडं पुस्तक आठवतं? पेठेतलं घर सोडून नदीपलीकडे राहायला गेला म्हणून पानंच्या पानं रडलाय बिचारा. तुमची टकळी थांबली. "येका घरातनं दुसऱ्या घरात गेला, त्येचं येवढं पुस्तक? मग आमची तर लायबरीच भरंल की गं!" आई आतून हसली, मीही हसले. दुसऱ्या दिवशी मी वाचनालयातल्या बाईंनाही सांगितलं, त्याही हसल्या.

पण आजारात तुम्ही तेच पुस्तक पुन्हा मागितलंत. तेव्हा हसला नाहीत. डोळे मिटून ऐकत होता. कुठला आड बुजवला, कुठलं झाड तोडलं, कुठल्या गल्लीचं काय झालं, सगळं ऐकून झाल्यावर म्हणालात, "समदं सांगतोय बग त्यो. पर तितं जायाची वाट न्हाय सांगत." मी म्हणाले, आबा, ती जागाच आता राहिलेली नाही, वाट कुठली सांगणार? तुम्ही कुशीवर वळलात. काय होतं तुमच्या मनात? अंथुर्ण्याचं रान? का एखादा जुना मुक्काम? मला विचारायचं सुचलं नाही आणि नंतर विचारण्यासारखे तुम्ही राहिला नाहीत.

परवाचं सांगते. दुपारी जेवायला घरी आले तर आई घरात नव्हती. शोधत शोधत भिगवण रस्त्याच्या चौकापर्यंत गेले. उसाचा हंगाम जोरात आहे, ट्रॅक्टर नि ट्रॉल्यांनी रस्ता भरलेला. त्या गर्दीत, रस्त्याच्या मधोमध, आपली आई उकिडवी बसली होती! कडुलिंबाची फांदी आडवी टाकून तिच्यावर दगड ठेवत होती. एक रिक्षावाला हॉर्न वाजवून वाजवून दमला होता.

"मावशे, बाजूला हो की! मरायचं हाय का?"

"जरा कडंनं घे की, बाबा. वाटंची खून हाय ती. मागनं मानूस यायचंय आमचं."

रिक्षावाल्याने माझ्याकडे पाहिलं. "कोन यायचंय, ताई?"

मी त्याला हातानेच थांब म्हटलं.

दंडाला धरून तिला उठवलं. कोपऱ्यावर पोचतोय तोच एक ट्रॉली त्या फांदीवरून गेली. आईने मागे वळून पाहिलं आणि इतक्या साध्या आवाजात म्हणाली, "बग. आता त्येंनी कसं यायचं?" आबा, मी इतकी पुस्तकं वाचली. एकाही पुस्तकात या प्रश्नाचं उत्तर मला सापडलेलं नाही. मी तिला घरी आणलं, पाणी दिलं आणि काहीतरी बोलायचं म्हणून बोलून गेले, "मी कळवते आबांना. पत्र लिहिते." तिने ते खरंच धरलं.

म्हणून आता वाट सांगते. नीट ऐका.

इंदापूरकडून आलात की काटेवाडीपर्यंत काही अडचण नाही, अजून ऊसच आहे दोन्ही बाजूंना. पुढे मात्र गोंधळ आहे. ज्या पट्टीत तुम्ही रानमालकाच्या बोलावण्यावरून खतासाठी मेंढरं बसवायचात, तिथं आता सोसायटी झालीय. बाभळीच्या रांगेवरून डावीकडे वळायचं म्हणावं, तर बाभळीच तोडल्यात. मोठी विहीर बुजवली. कालव्याचा पूल आहे, पण तुम्ही ज्याच्यावर मेंढरं मोजून पार करायचात तो नव्हे, शेजारी नवा झालाय, रुंद. पुढच्या चौकात पुतळा आहे म्हणावं, तर तो हलवायची चर्चा चाललीय. आमच्या नव्या वसाहतीत सगळ्या इमारती एकाच पिवळ्या रंगाच्या. दारावर नंबर आहे, पण नंबर सांगून तुम्हाला काय उपयोग? आणि कोणाला विचाराल तर तिथं कोणी कोणाला ओळखत नाही. कुत्रंसुद्धा ओळखीचं नाही हो.

बघा, मलाही सांगता येत नाही. त्या पुण्याच्या गृहस्थाला उगाच हसलो आपण.

एक विचारू? रागावू नका. जन्मभर तुम्ही मुक्काम सांगितल्याशिवाय पाऊल उचललं नाहीत. पावसात, वादळात, कोकणातल्या त्या घाटात घोडी घसरली त्या दिवशीसुद्धा आधी आईला जागा सांगितलीत आणि मग निघालात. आणि शेवटी स्वतःचा मुक्काम मात्र न सांगता गेलात! आई तुमच्या उशाशी बसून होती, तिला एक शब्द टाकता आला नाही? ती अजून वाट बघतेय, तुम्ही सांगाल म्हणून. तिला तुमची जागा माहीत नाही, आणि उद्यापासून तुम्हाला तिची माहीत नसेल. दोघांच्या मध्ये मी उभी आहे आणि मला काही करता येत नाही. फार एकटं वाटतं, आबा.

मघाशी दिवा लावून झाल्यावर हे एवढं आईला वाचून दाखवलं. भिंतीला टेकून तिने सगळं ऐकलं. कोकणातल्या घाटापाशी डोळ्याला पदर लावला. मग माझ्या हातातल्या कागदाकडे बघून म्हणाली, "ग्वाड लिवलंस गं पोरी. पर त्यास्नी वाचाया कुठं येतंय?"

मला हसू फुटलं, आबा, आणि मग रडू काही केल्या आवरेना. दत्तू बाहेरून धावत आला, काय झालं म्हणून. तुम्हाला अक्षर येत नाही, हे मी वाचनालयात काम करणारी बाई विसरले!

शेवटी आईशी ठरवलं ते तुम्हालाही सांगते. उद्या ती आणि दत्तू टेम्पोतून पुढे जातील. मी मागे थांबणार, या अटीवर ती चढायला कबूल झालीय. सांजेला, मेंढरं वाड्यावर परतायच्या वेळी, मी या रिकाम्या खोलीच्या दारात उभी राहीन आणि हे पत्र पहिल्यापासून मोठ्याने वाचीन. खोल्या पाडायला आलेले मजूर हसले तर हसू देत. वाचून झालं की निघेन. रिक्षा करणार नाही. पायी जाईन, सावकाश, प्रत्येक वळणावर थोडं थांबत. तुम्ही माझ्या मागं मागं या. मी वळून बघणार नाही, तेवढं बळ माझ्यात नाही.

वर जिन्याच्या तोंडाशी आई उभी असेल. पोचल्या पोचल्या विचारील, "आलं का?"

मी व्हय म्हणेन, आबा. शब्द देते तुम्हाला. पुढचं तुम्ही बघा.

तुमची,
हिरा